आडनावाचा रकाना सक्तीचा कशाला?

फिलिपिन्सच्या आल्बाय प्रांतात ओआस नावाचं गाव आहे. तिथल्या जुन्या कुटुंबांची आडनावं पाहिली तर बरीचशी एकाच अक्षराने, रोमन लिपीतल्या ‘आर’ने, सुरू होतात. एका मूळ कुळाच्या शाखा फुटल्या आणि गाव वसलं, असं काही तिथे घडलेलं नाही. २१ नोव्हेंबर १८४९ रोजी स्पॅनिश गव्हर्नर जनरल नार्सिसो क्लाव्हेरिया याने हुकूम काढला की प्रत्येक कुटुंबाने ठरावीक आडनाव घ्यावं. तोवर बाप्तिस्मा झालेले लोक मनाला येईल त्या संताचं नाव लावत. ‘दे ला क्रूझ’ आणि ‘दे लोस सांतोस’ इतके झाले की कर कुणी भरला आणि कुणी बुडवला हे कळेना, आणि लग्न ठरलेली दोघं एकमेकांची जवळची नातलग तर नाहीत ना, हे पाद्र्यांना सांगता येईना.

मग सुमारे ६१ हजार आडनावांची अकारविल्हे यादी छापली गेली. तिच्यात स्पॅनिश आडनावं होती, तशी स्थानिक भाषांमधली झाडाझुडपांची, खनिजांची, जागांची नावंही होती. यादीची पानं प्रांतांकडे गेली आणि प्रांतांनी ती गावोगाव वाटली. ज्या गावाच्या वाट्याला ज्या अक्षराची पानं आली, त्या अक्षराची आडनावं त्या गावाला चिकटली. घरातल्या कर्त्याने पानावरचं एक निवडायचं, मुलाबाळांनी तेच पुढे चालवायचं. चार पिढ्या एकच आडनाव चालत आल्याचं दाखवता आलं तर तेवढं जुनं ठेवायची मुभा. शाळेत पोरांनी एकमेकांना वहीत लिहिलेल्या आडनावानेच ओळखावं, यावर लक्ष ठेवण्याचं काम मास्तरांच्या गळ्यात आलं. आज एखाद्या फिलिपिनो माणसाचं आडनाव स्पॅनिश वळणाचं दिसलं म्हणून त्याच्या घराण्यात स्पॅनिश पूर्वज शोधणाऱ्याला बहुधा एक छापील पानच सापडेल.

आडनाव म्हणजे कुळाचा इतिहास, ही समजूत जगभर आहे आणि बऱ्याच अंशी ती चुकीची आहे. बोलीतली आडनावं पूर्वीही होती, पण ती बदलती होती. पिढ्यान्‌पिढ्या न बदलणारं आडनाव बहुतेक ठिकाणी कुणीतरी कशासाठी तरी नोंद करताना पक्कं झालं: करासाठी, सैन्यभरतीसाठी, जमिनीच्या खात्यासाठी. त्या गरजेत गैर काही नव्हतं. गैर पुढे झालं. तीच नोंदवही संगणकात गेली आणि ‘आडनाव’ हा रकाना भरल्याशिवाय पान पुढे सरकेनासं झालं. ज्यांच्याकडे आडनाव नाही, त्यांनी ते तयार करून आणायचं. नोंदीच्या सोयीसाठी जन्मलेली वस्तू माणसाने नोंदीसाठी पैदा करावी, हा उलटा न्याय आहे. माझं म्हणणं एवढंच की आडनावाचा रकाना सक्तीचा नसावा, आणि जिथे त्याचं खरोखर काम नाही तिथे तो असूही नये.

सक्तीचा इतिहास फिलिपिन्सपुरता नाही. ऑस्ट्रियाचा सम्राट दुसरा योझेफ याने १७८७ मध्ये आपल्या राज्यातल्या ज्यूंना जर्मन आडनावं घ्यायला लावली. नेपोलियनने १८०८ मध्ये फ्रान्समधल्या ज्यूंसाठी आणि १८११ मध्ये डच प्रजेसाठी तसेच हुकूम काढले. जपानमध्ये सामान्य लोकांना आडनाव लावायची परवानगी १८७० मध्ये मिळाली. पाच वर्षांत परवानगीची सक्ती झाली. सयाममध्ये, म्हणजे आजच्या थायलंडमध्ये, १९१३ मध्ये कायदा आला आणि राजा वजिरावुध याने स्वतः सहा हजारांहून अधिक कुटुंबांना आडनावं घडवून दिली. एका कुटुंबाचं आडनाव दुसऱ्याला घेता येत नसल्याने नंतर येणाऱ्यांची आडनावं लांबत गेली. थायलंडमध्ये लोक एकमेकांना पहिल्या किंवा टोपणनावाने का हाक मारतात, याचं हेही एक कारण मानायला हरकत नाही.

तुर्कस्तानचा १९३४ चा कायदा तर हेतू लपवतच नाही. आडनाव तुर्की हवं. ‘-यान’, ‘-ऑफ’, ‘-विच’, ‘-पुलोस’ असे शेवट चालणार नाहीत. म्हणजे आर्मेनियन, स्लाव्ह आणि ग्रीक असण्याची खूणच पुसायची. बल्गेरियाने १९८४–८५ च्या हिवाळ्यात याच्या उलट दिशेने तेच केलं आणि तिथल्या लाखो तुर्कांची नावं बळाने बदलली. मंगोलियात साम्यवादी राजवटीने १९२० च्या दशकात कुळनावं बंद केली. १९९० नंतर ती पुन्हा घ्या म्हटल्यावर लोकांना आपलं कूळ आठवेना, तेव्हा असंख्य लोकांनी सरळ चंगीझ खानाचं ‘बोर्जिगिन’ लावलं. १९८१ मध्ये अंतराळात गेलेला मंगोलियाचा पहिला अंतराळवीर गुर्रागचा याने ‘सानसार’, म्हणजे विश्व, हे आडनाव घेतलं. मला यांच्यात तोच अधिक प्रामाणिक वाटतो.

मराठी आडनावं वेगळी नाहीत. कुलकर्णी, देशपांडे, देशमुख, पाटील ही हुद्द्यांची नावं आहेत. फडणीस, चिटणीस, सबनीस यांतला ‘नीस’ हा फारसी ‘नवीस’, म्हणजे लिहिणारा. कचेरीतली जागा घराण्याला चिकटली, आणि जागा गेली तरी नाव राहिलं.

हुकमाने न आलेल्या आडनावांतही एक गोष्ट ध्यानात ठेवावी लागते. आडनाव शेजारचे लोक ठेवतात, आणि ते फरक सांगण्यासाठी ठेवतात. म्हणून जगात लोहारांची आडनावं उदंड आहेत: इंग्रजी स्मिथ, जर्मन श्मिट, इटालियन फेरारी, फ्रेंच लफेव्र, हंगेरियन कोवाच, रशियन कुझ्नेत्सोव्ह, अरबी हद्दाद. त्या मानाने शेतकऱ्यांची कमी. गावात सगळेच शेती करत असतील तर ‘शेतकरी’ म्हणून कुणाला वेगळं काढणार? लोहार मात्र एखादाच. गावावरून पडलेल्या आडनावांचंही तसंच. गावात राहणाऱ्याला त्या गावाचं नाव कुणी लावत नाही. तो बाहेर पडला की नव्या ठिकाणचे लोक लावतात. हंगेरीत फार आढळणारी तीन आडनावं आहेत: हॉर्वाथ म्हणजे क्रोएशियन, नेमेथ म्हणजे जर्मन, तोथ म्हणजे स्लाव्ह. ही हंगेरियन लोकांची आडनावं आहेत, कारण कधीकाळी शेजारी कुणीतरी परका दिसला आणि त्याला तशी हाक पडली.

अर्थ लावताना सगळ्यात जास्त घोटाळा होतो तो आजच्या स्पेलिंगवरून सुरुवात केल्याने. ‘ली’ हे आडनाव इंग्लंडमध्ये रानातल्या मोकळ्या जागेवरून आलेलं असू शकतं, चीनमध्ये ते अलुबुखाराच्या झाडाचं चिन्ह आहे. दोघांचा एकमेकांशी काडीचा संबंध नाही. उलट चेन, चान, तान आणि व्हिएतनामी त्रान ही चार वेगळी दिसणारी आडनावं एकाच चिनी चिन्हाचे चार उच्चार आहेत. डचांमध्ये ‘नाक्तखेबोरेन’ असं आडनाव आहे, शब्दशः ‘नागडा जन्मलेला’. नेपोलियनची थट्टा म्हणून लोकांनी असली आडनावं मुद्दाम नोंदवली, ही कथा आवडीने सांगितली जाते. पण हे आडनाव नेपोलियनच्या आधीपासून आहे आणि त्याचं मूळ ‘बापाच्या मृत्यूनंतर जन्मलेला’ अशा अर्थाच्या शब्दात असल्याचं मानलं जातं. तशीच दुसरी कथा न्यूयॉर्कच्या एलिस बेटाची: तिथल्या कारकुनांनी स्थलांतरितांची नावं बदलली म्हणे. ते कारकून नावं लिहून घेतच नव्हते. जहाज निघालं त्या बंदरात तयार झालेल्या यादीवर ते खुणा करत. नावं बहुतेकांनी पुढे स्वतःच, कामधंद्याच्या सोयीने बदलली.

म्हणून क्रम असा ठेवावा: आधी त्या घराण्याची सर्वांत जुनी लेखी नोंद, मग ती कुठल्या भागातली, मग त्या भागातली त्या काळची बोली आणि लिहिणाऱ्याची लिपी, आणि सर्वांत शेवटी अर्थ. बाजारात ‘तुमच्या आडनावाचं मानचिन्ह’, म्हणजे युरोपातल्या घराण्यांचं ढालीवरचं चिन्ह, विकणारे हा क्रम उलटा करतात. इंग्लंडमध्ये १४८४ पासून मानचिन्हांचा कारभार पाहणारी कॉलेज ऑफ आर्म्स ही संस्था स्पष्ट सांगते की मानचिन्ह आडनावाला मिळत नसतं. ते एका व्यक्तीला आणि तिच्या वंशजांना मिळतं.

इथे एक आक्षेप रास्त आहे. आडनाव आणि रक्त यांचा संबंध अगदीच नसतो असं नाही. आनुवंशिकीतज्ज्ञ ब्रायन साइक्स यांनी २००० मध्ये स्वतःचंच आडनाव लावणाऱ्या इंग्रज पुरुषांचे, बापाकडून मुलाकडे जाणाऱ्या वाय गुणसूत्राचे नमुने तपासले, तेव्हा जवळपास निम्म्यांचा नमुना एकच निघाला. दुर्मीळ आडनावात हा मेळ चांगला बसतो, स्मिथसारख्या सार्वत्रिक आडनावात बसत नाही, कारण लोहार गावोगाव स्वतंत्र होते. म्हणजे आडनाव हा पुरावा होऊ शकतो, पण कच्चा. कच्चा पुरावा संशोधकाच्या टेबलावर ठीक आहे. तो कायद्यात घातला की काय होतं, ते कोरियात दिसलं.

दक्षिण कोरियात २०१५ च्या जनगणनेत दर पाच माणसांमागे एकाहून थोडे अधिक किम होते. किम, ली आणि पाक मिळून जवळपास निम्मी लोकसंख्या होते. हे तिघा पूर्वजांचे वंशज नाहीत. जोसन राजवटीच्या उत्तरार्धात आडनाव नसलेल्या सामान्यांनी वजनदार कुळांची नावं लावायला सुरुवात केली आणि विसाव्या शतकाच्या सुरुवातीच्या नोंदणीने उरलेल्यांनाही आडनावं दिली. तरीही नागरी कायद्याच्या ८०९ व्या कलमाने एकच आडनाव आणि एकच मूळगाव असलेल्यांचं लग्न बेकायदा ठरवलं होतं. गिम्हे या मूळगावाचा किम आणि गिम्हेचीच किम: लाखोंच्या कुळातली दोन अनोळखी माणसं, पण नोंदवहीत भाऊबहीण. त्यांचा संसार कायद्याच्या लेखी संसार नव्हता; मुलांच्या नोंदीपासून वारशापर्यंत सगळं अडायचं. घटना न्यायालयाने १९९७ मध्ये ते कलम घटनाविरोधी ठरवलं आणि २००५ मध्ये कायदा बदलला. मुळात ज्या नात्याची खात्री नव्हती, ते नातं नोंदवहीच्या जोरावर कित्येक वर्षं चालवलं गेलं.

आता ज्यांना आडनावच नाही अशांकडे येऊ. आइसलँडमध्ये बहुतेकांना वडिलांच्या, क्वचित आईच्या नावाला ‘-सोन’ किंवा ‘-दोत्तिर’ जोडून ओळखतात. आई, बाप, मुलगा, मुलगी यांची शेवटची नावं चार तऱ्हेची असतात आणि टेलिफोन डिरेक्टरी छापली जाई तेव्हा ती पहिल्या नावाने लावलेली असे. इथिओपियात स्वतःचं नाव आणि मागे वडिलांचं; म्हणून पंतप्रधान अबिय अहमद यांना नुसतं ‘अहमद’ म्हणणं म्हणजे त्यांच्या वडिलांना हाक मारणं. सम्राट हाइले सेलासी याचं नाव ‘त्रैक्याची शक्ती’ असं अखंड आहे. त्यातलं ‘सेलासी’ तोडून आडनाव केलं की हाती नुसती ‘त्रैक्याची’ उरते. म्यानमारमध्ये ऑंग सान सू चीच्या नावात वडिलांचं ऑंग सान, आजीचं सू आणि आई खिन ची हिचं ची असे तुकडे आहेत. आडनाव एकही नाही. संयुक्त राष्ट्रांचे माजी सरचिटणीस ऊ थान्ट यांच्या नावातला ‘ऊ’ हा आपल्या ‘श्री’सारखा. घानाच्या अकान लोकांत कोफी म्हणजे शुक्रवारी जन्मलेला मुलगा आणि अन्नान म्हणजे चौथं अपत्य. मंगोलियात ‘नेरगुई’ असं नाव असतं, अर्थ ‘नाव नसलेला’. दृष्ट लागू नये म्हणून ठेवलेलं. धोंडू, दगडू, कचरू ही नावं माहीत असलेल्यांना यात नवल वाटणार नाही, पण बनावट नोंदी हुडकणाऱ्या प्रोग्रामला ते कोण समजावणार?

या सगळ्यांना फॉर्मचे ‘नाव’ आणि ‘आडनाव’ हे दोन रकाने कसे गाठतात, ते तपशिलात पाहण्यासारखं आहे. पासपोर्टच्या तळाशी यंत्राने वाचायच्या दोन ओळी असतात, प्रत्येकी ४४ खणांच्या. वरच्या ओळीतले पहिले पाच खण कागदपत्राचा प्रकार आणि देश यांचे. उरलेल्या ३९ खणांत नाव. आधी मुख्य नाव, बहुधा आडनाव, मग दोन कोन-चिन्हं (<<), मग बाकीची नावं. फक्त ए ते झेड ही अक्षरं चालतात, संयोगरेषेच्या जागी कोन-चिन्ह येतं, अपॉस्ट्रॉफी गळून जाते आणि खण संपले की नाव छाटलं जातं. आता महत्त्वाचं: या आंतरराष्ट्रीय नियमात एकेरी नाव पूर्ण वैध आहे. ते मुख्य नावाच्या जागी जातं आणि पुढे रिकामे खण भरले जातात. अडचण नियमात नाही, ती पुढच्या टेबलांवर आहे. अमेरिकी व्हिसावर एकेरी नाव आडनावात टाकतात आणि पहिल्या नावाच्या जागी ‘एफएनयू’, म्हणजे ‘पहिलं नाव माहीत नाही’, असं लिहितात. ती तीन अक्षरं मग लायसन्सवर त्या माणसाचं नाव म्हणून उतरू शकतात. विमान कंपन्यांपैकी कुणी तेच नाव दोनदा लिहायला सांगते, कुणी पहिल्या नावाच्या जागी ‘मिस्टर’. पासपोर्ट, व्हिसा आणि तिकीट यांवर एकाच माणसाची तीन नावं झाली की काउंटरवर अडवला जातो तो माणूस. संयुक्त अरब अमिरातीने नोव्हेंबर २०२२ मध्ये पासपोर्टवर एकच शब्द असलेल्यांना पर्यटक व्हिसावर येण्यास मनाई केली. पासपोर्टात वडिलांचं किंवा कुटुंबाचं नाव कुठेतरी असेल तर चालेल, हा खुलासा मागाहून आला.

तमिळ कुटुंबांची फरफट वेगळी. १९२९ मध्ये चेंगलपट्टूच्या परिषदेत पेरियार यांच्या स्वाभिमान चळवळीने जातिवाचक उपनावं टाकून द्यायचं ठरवलं. वडिलांच्या नावाचं आद्याक्षर आणि स्वतःचं नाव एवढं पुरेसं झालं. परदेशी फॉर्मसाठी ते आद्याक्षर सोडवून आडनाव करावं लागतं. मग बापाच्या पासपोर्टवर आजोबांचं नाव आडनाव म्हणून येतं, मुलीच्या पासपोर्टवर बापाचं, आणि सीमेवरचा अधिकारी दोघांची आडनावं वेगळी कशी, असं विचारतो. जात दिसू नये म्हणून टाकलेली गोष्ट परत मागणारा रकाना तटस्थ कसा म्हणायचा? शिखांनी सिंग आणि कौर ही नावं समतेसाठीच स्वीकारली, आणि कॅनडाच्या व्हिसा कचेरीने नेमकं तेच ‘आडनाव म्हणून फार सर्रास आहे’ म्हणून दुसरं आणायला सांगितलं. दहाएक वर्षं चाललेला हा प्रकार २००७ मध्ये गाजावाजा झाल्यावर थांबला. इंडोनेशिया हा सुकार्नो आणि सुहार्तो या एकेरी नावांच्या राष्ट्राध्यक्षांचा देश. तिथेही २०२२ पासून नव्या नोंदीत नाव किमान दोन शब्दांचं हवं. म्हणजे जगाचा फॉर्म बदलण्यापेक्षा बाळाचं नाव बदलणं सोपं, असा हिशोब एका सरकारने मांडला. आईबापांची अडचण कमी होईल हे खरंच, पण हार मानण्याचा हा प्रकार आहे.

नोंद ठेवणाऱ्यांची बाजू अशी: माणूस ओळखायचा कसा? एका नावाचे हजार असतील. प्रश्न खरा आहे, पण आडनावाने तो सुटत नाही. कोरियाने आणि पूर्वीच्या फिलिपिन्सने ते दाखवलं. व्हिएतनाममध्ये साधारण तिघांत एक न्युयेन आहे. ओळख पटते ती क्रमांकाने. स्वीडनने १९४७ मध्ये, डेन्मार्कने १९६८ मध्ये व्यक्तिक्रमांक आणला. आइसलँडचा दहा अंकी क्रमांक तर आडनावांविना सगळा देश चालवतो. क्रमांकाचे स्वतःचे धोके आहेत, पाळत आणि माहितीची चोरी हे त्यांतले मोठे. पण तो क्रमांक आज जवळपास प्रत्येक फॉर्मवर आधीच मागितला जातो. तो घेऊन वर आडनावाची सक्ती ठेवण्याने कुठला धोका टळतो?

दुसरी बाजू कुटुंबाची: एक आडनाव म्हणजे एक घर. जपानच्या नागरी कायद्यातलं ७५० वं कलम याच आधारावर नवराबायकोला एकच आडनाव लावायला लावतं. कायद्यात दोघांपैकी कुणाचंही चालतं. प्रत्यक्षात सुमारे ९५ टक्के वेळा बायकोचं जातं. सर्वोच्च न्यायालयाने २०१५ आणि २०२१ मध्ये ते कलम उचलून धरलं. स्पेनमध्ये बाई लग्नानंतर नाव बदलत नाही, मुलांना आईबापाचं एकेक आडनाव मिळतं, आणि कुणाचं आधी हे २०१७ पासून आईबापांनीच ठरवायचं. स्पॅनिश घरं त्यामुळे मोडल्याचं दिसत नाही.

मग फॉर्म कसा हवा? पूर्ण नावासाठी एकच लांब रकाना, माणूस लिहितो त्या लिपीत आणि त्या क्रमाने. शेजारी छोटा रकाना: तुम्हाला काय म्हणून संबोधावं. ‘प्रिय अहमद’ असली पत्रं एवढ्यानेच थांबतील. यादी वर्णानुक्रमे लावायची असेल तर कुठल्या शब्दावर लावायची ते नावाच्या धन्यालाच विचारावं, शेवटच्या मोकळ्या जागेवर नाव आपोआप तोडू नये. तसं तोडलं की पाब्लो रुइस पिकासोचं वडिलांकडचं रुइस अधांतरी राहतं आणि अब्द अल-रहमानचा ‘अब्द’, म्हणजे नुसता ‘दास’, होतो. अक्षरांची किमान मर्यादा काढून टाकावी. ‘ओ’ हे कोरियन आणि ‘इङ्’ हे कँटोनीज आडनाव रोमन लिपीत एका-दोन अक्षरांचं असतं. अपॉस्ट्रॉफी, संयोगरेषा, मोकळी जागा चालू द्यावी. पासपोर्टवरचं नाव लागत असेल तिथेच, ‘पासपोर्टच्या तळच्या ओळीत आहे तसं’ म्हणून वेगळं घ्यावं, आणि त्यातही दुसरा भाग रिकामा सोडता यावा. ज्या कामात आडनावाला कायदेशीर अर्थ आहे, उदाहरणार्थ जपानी कुटुंबनोंद, तिथे तो रकाना ठेवायला माझी ना नाही, पण तो ऐच्छिक हवा.

जुन्या नावांचं काय, हा भाग फॉर्म बनवणारे हमखास विसरतात. लग्न, घटस्फोट, दत्तक, लिंगबदल, धर्मांतर किंवा निव्वळ लिप्यंतराची पद्धत बदलणं, यांतल्या कशानेही नाव बदलतं, आणि पदवीच्या कागदावर जुनं, पगारपत्रकावर नवं असं होतं. पूर्वीची नावं एकापेक्षा अधिक नोंदवता येतील, प्रत्येकापुढे कधीपासून कधीपर्यंत ते लिहिता येईल, अशी सोय मूळ तक्त्यातच हवी. आणि दोन नोंदी एकाच माणसाच्या आहेत की नाही, हे नावाच्या अक्षरन्‌अक्षर जुळण्यावर कधीच ठरवू नये. क्रमांक आणि जन्मतारीख जुळत असतील तर नावातला फरक हा चौकशीचा विषय समजावा, नकाराचा नव्हे.